लोक मला मनकवडी म्हणत

अंगात येणं, करणी, भानामती यांवर माझा कधी विश्वास नव्हता. आजही नाही. आमच्या गावात एका बाईच्या अंगात येतं. तिच्यापुढे मी हात जोडते, ते सगळ्या जोडतात म्हणून. माझे वडील चिखलीला एका वकिलांकडे लेखनिक होते. ते म्हणायचे, साक्षीदारानं पाहिलं तेवढंच सांगावं, पुढचं सांगू नये. मीही तेवढंच सांगणार आहे.

शेजारच्या मास्तरांकडे एक मासिक येतं. त्यात वाचक आपले असे अनुभव लिहितात. मास्तरीणबाई म्हणाल्या, तुम्हीही पाठवा. पण मला चार बायकांत बोलताना घाम फुटतो, छापून कसलं येऊ देते मी! म्हणून या वहीत लिहून ठेवते. कुणी वाचत आहे असं धरून लिहिते, म्हणजे लाजेनं काही गाळलं जाणार नाही. लाजेचं पुष्कळ आहे यात...

आधी तो शब्द. मनकवडा. चौथीत मास्तरांनी त्याचा अर्थ सांगितला होता — न सांगता दुसऱ्याच्या मनातलं ओळखणारा. मग वाक्यात उपयोग करायला लावला. मी लिहिलं, 'आमची गाय मनकवडी आहे.' सगळा वर्ग हसला. मास्तर हसले नाहीत. म्हणाले, गाय असू शकते. माझी आई तो शब्द फक्त देवासाठी वापरायची. देव मनकवडा असतो, त्याच्यापाशी तोंड वेंगाडायचं कारण नाही, असं म्हणायची.

लग्न होऊन मी अमडापूरपासून दीड कोसावरच्या या गावात आले, तर इथं तो शब्द सुनांना लावत. सासूनं 'पाणी' म्हणायच्या आत तांब्या पुढे केला की सून मनकवडी. आणि एखादी आगाऊपणा करायला लागली की तोच शब्द टोमण्यासारखा — 'लय मनकवडी झाली व माय!'

माझ्या वाट्याला तो कौतुकानं आला. लग्नाला तीन वर्षं झाली आणि सासूबाईंना लकवा मारला. त्यांना आम्ही आत्याबाई म्हणायचो. उजवं अंग गेलं, वाचा गेली. डावा हात तेवढा हलायचा, आणि डोळे. त्यांचं सगळं मी करायची. ओठ सुकले की पाणी द्यायची, डाव्या हातानं गोधडी चाचपली की कूस बदलायची. यात अद्भुत काही नव्हतं. रोज ज्याच्याजवळ बसावं त्याचं कळतं. पण शेजारच्या काशीबाई येता-जाता मला छळत.

"मनकवडी हायेस ना व तू? मंग सांग बरं, माह्या मनात काय हाय?"

मी खाली मान घालायची. माझी नणंद गोदा मात्र फटकळ. ती तिकडून ओरडायची, "तंबाखू! अजून काय राहणार हाय तुमच्या मनात?"

ही गोदा सोळा वर्षांची. तिच्याच सोयरिकीच्या दिवशी ते घडलं.

मुलगा मोताळ्याकडचा, शंकर नावाचा. पंचवीस एक वर्षांचा, घरची कोरडवाहू शेती, स्वभावानं शांत. आई नव्हती, मावशीनं वाढवलेला. आधी दोनदा त्यांची पुरुषमंडळी येऊन गेली होती. माघ महिन्यात एका दुपारी सुपारी फोडायचं ठरलं. आमच्याकडे दोन्हीकडच्या पंचांसमोर सुपारी फुटली की लग्न ठरलं. त्यानंतर मोडणं म्हणजे मुलीला जन्माचा डाग. ज्याच्या नावानं फुटली त्याचीच ती झाली, असं धरतात.

पुरुष ओसरीवर बसले होते. आत माजघरात आत्याबाईंची बाज, त्यांच्याजवळ मी. मुलाची मावशी त्या दिवशी पहिल्यांदाच आली होती. तिला मी पाट दिला. लकव्यानं तोंड वाकडं झालेल्या आत्याबाईंकडे पाहून ती हळहळली आणि आपलं सांगत बसली.

"माय आठ दिवसांचं टाकून गेली व याले. पलेगचं साल होतं. म्याच वाढवलं, लगीन नाही केलं मी याच्यापायी."

आत्याबाईंच्या घशातून एक आवाज निघाला. मी वाकून तोंड पुसायला गेले, तर त्यांनी डाव्या हातानं माझं मनगट धरलं. इतकं घट्ट, की बांगडी पिचली. डोळे मावशीवर.

ओसरीवरून मामाजींची, म्हणजे सासऱ्यांची हाक आली, "ताट पाठवा व! पंच बसले!"

सुपारीचं ताट माझ्या मांडीशी होतं. ते उचलायला हात पुढे केला आणि मला छातीशी ओलं लागलं. वाटलं तांब्या लवंडला. पाहिलं, तांब्या उभाच. चोळी पुढून भिजली होती, आणि भिजतच चालली होती... छाती दगडासारखी झाली होती, कळ बगलेपर्यंत जात होती. ते दूध होतं.

मला मूल नव्हतं. कधी दिवसही गेले नव्हते. लग्नाला पाच वर्षं झाली होती, आणि ह्यांच्या दुसऱ्या लग्नाची कुजबुज मी दोनदा दाराआडून ऐकली होती. त्या बाईच्या अंगाला दूध! मी पदर ओढून घेतला.

आणि मग मला आठवलं. दुसरा शब्द मला सापडत नाही. आपल्याला लहानपणचं काही आठवतं तसंच आठवलं, पण ते माझं नव्हतं. पऱ्हाट्यांची, म्हणजे कापसाच्या वाळक्या काड्यांची झोपडी, वावरात. निंबाच्या पाल्याचा धूर. एका मांडीवर एक लेकरू, चांगलं बाळसेदार. दुसऱ्या मांडीवर दुसरं, पाखरासारखं, नख लावलं तर फाटेल असं. आणि एक बाई समोर उकिडवी बसून रडत म्हणते आहे, "तुळसा, एवढ्या डाव पाज व माय."

आमच्या घरात तुळसा नावाचं कुणीच नव्हतं.

मी मावशीकडे वळले. माझा आवाज मलाच ऐकू येत नव्हता. "मावशी... तुम्ही तुळसाले ओळखता काय?"

मावशीचा हात पदरावरच थांबला.

"कोनं सांगतलं तुले हे नाव?"

"पऱ्हाट्यांच्या झोपडीत दूध पाजत होती ती."

"कोनं सांगतलं? देवाशिवाय ठाव नाही हे कोनाले!" ती माझ्या अगदी जवळ सरकली. "गावाभायेर झोपड्या घातल्या होत्या आमी. बहीण मेली. पलेगच्या घरचं लेकरू कोन घेते हातात? तुळसा पह्यल्या बाळंतपणाले माहेरी आलेली. नाल्यापल्याड तिचं झोपडं. एकवीस दिवस चोरून येऊन पाजलं तिनं. सासरी समजलं असतं तं तिले घरात नसतं घेतलं. म्या शंकरच्या डोक्यावर हात ठेवून शपथ घेतली होती, कोनाले सांगनार नाही म्हनून. मंग ती सासरी गेली, कोन्या गावाले गेली मले ठाव नाही..."

मी बाजेकडे पाहिलं. सासरी आल्यावर नवऱ्यानं तांदळात नवं नाव काढायचं, माहेरचं नाव तिथंच संपतं. आत्याबाईंचं सासरचं नाव लक्ष्मी. माहेरचं मी कधी विचारलंच नव्हतं. त्यांचं माहेर मोताळ्याकडचं, आणि त्यांचं पहिलं बाळंतपण म्हणजे माझे मालक.

"आत्याबाई," मी म्हटलं, "तुळसा तुम्हीच काय?"

त्यांनी डोळे मिटले. दोन्ही डोळ्यांतून पाणी कानापर्यंत गेलं. डाव्या हातानं त्यांनी माझं मनगट दोनदा दाबलं. 'हो' म्हणायची ती आमची खूण होती.

मावशी तोंडावर पदर दाबून बाजेच्या पायथ्याशी कोसळली. पण क्षणभरच. मग तिनं डोळे पुसले आणि माझ्या कानाशी आली.

"आइक, पोरी. तुले, मले आन् हिले. चौथ्याले ठाव नाही. ही बोलत नाही, माही शपथ हाय. तू गप राह्यली तं काय बिघडते? बिनमायचं पोरगं, त्याले कोन पोरगी देते?"

ओसरीवरून पुन्हा हाक आली, "अवं, ताट काऊन नाही येत?"

गप राहणं मला येत होतं. मला तेवढंच येत होतं. आणि बोलून काय होणार, तेही दिसत होतं — वांझ सुनेच्या डोळ्यांत नणंदेचं लग्न खुपलं म्हणतील, चेटकीण म्हणतील, ह्यांच्या दुसऱ्या लग्नाला निमित्त होईल. पण एका आईच्या दुधावरची दोघं नवरा-बायको व्हायची, आणि त्या आईनं बाजेवर पडून ते पाहायचं! मनगटावरचा हात सुटला नव्हता. मी ताट उचललं आणि मांडीखाली घेऊन त्यावर बसले. हसू येईल वाचणाऱ्याला. मला दुसरं काही सुचलं नाही.

हे आत आले. "काय चालवलं व? लोकं हसून राह्यले!"

"सुपारी फोडू नका," मी म्हटलं. "शंकर तुमचा दूधभाऊ आहे. आत्याबाईंनी पाजलंय त्याले, तुमच्यासंगं."

"कोन म्हनते?"

"आत्याबाई."

"येडी झाली काय? माय दोन सालांपासून बोलते काय?"

मामाजी दाराशी येऊन उभे होते. त्यांच्यासमोर मी पाच वर्षांत कधी तोंड उघडलं नव्हतं. भिंतीकडे तोंड करून मी सगळं सांगितलं. झोपडी, नाला, एकवीस दिवस. ओसरीवर चिडीचूप झालं होतं, म्हणजे माझा आवाज तिथवर गेला असणार. मामाजींनी मावशीला विचारलं, "खरं हाय काय बाई?" मावशीनं बाजेकडे पाहिलं. मग म्हणाली, "हाव. पन हिले कसं समजलं, ते हिलेच इचारा."

शंकर आत आला. कुणी बोलावलं नव्हतं. बाजेजवळ खाली बसून त्यानं आत्याबाईंच्या पायांवर डोकं ठेवलं. त्यांचा डावा हात माझं मनगट सोडून त्याच्या डोक्यावर गेला.

सुपारी फुटली नाही. गोदाचं पुढल्या साली देऊळगावराजाकडे झालं, बरं झालं. शंकर दर भाऊबीजेला तिच्याकडे ओवाळून घ्यायला जातो.

मला तीन दिवस दूध येत होतं. ते पायदळी जाऊ नये म्हणून मी न्हाणीच्या भिंतीवर पिळायची आणि रडायची. मग आटलं. नंतर ह्यांनी मला बुलढाण्याच्या डॉक्टरीणबाईंकडे नेलं. त्या म्हणाल्या, मुलाचा ध्यास घेतलेल्या बाईला असं क्वचित होतं. असेल. पण 'तुळसा' हे नाव ध्यासानं कसं कळलं? मामाजी म्हणाले, तू कधी तरी कुणाच्या तोंडून ऐकलं असशील. नाव ऐकलं असेल कदाचित. पण ती झोपडी, ते दूध पाजणं कुणाच्या तोंडून ऐकणार? मावशी तर तोवर शपथेवर गप होती.

ह्यांनी दुसरं लग्न केलं नाही. पण एकदा जेवताना घास हातात धरून विचारलं, "माह्या मनातलं समजते काय तुले?" मी नाही म्हटलं, आणि ते खरं होतं. तरी ते बरेच दिवस माझ्याकडे पाहून जेवत नसत. काशीबाईंनी मनात काय आहे ते विचारणं सोडलं. मनकवडी हा शब्द आमच्या आळीत माझ्यासमोर कुणी काढेना. शेजारच्या मास्तरांच्या घरी एक जाडा कोश आहे, त्यात मी तो काढून पाहिला. चौथीत सांगितला तोच अर्थ. ओळखणं हे बाहेरून होतं. माझ्या अंगात जे आलं त्याला कोशात शब्द मिळाला नाही.

एक गोष्ट राहिली. त्या दिवसानंतर माझी साधी ओळखसुद्धा गेली. तहान कुठली, कूस कधी बदलायची, काही उमजेना. नव्या मोलकरणीसारखी मी आत्याबाईंना एकेक विचारायची आणि त्या मनगट दाबायच्या. दीड वर्षानं आषाढात त्या गेल्या. शेवटच्या दिवशी सकाळपासून डावा हात उचलून त्या काहीतरी मागत होत्या. पाणी दिलं, तोंड फिरवलं. गोदा आली होती, तिला पुढे केलं. शंकरला बोलावून घेतलं. ह्यांचा हात त्यांच्या हातात दिला. तरी हात उचलतच होत्या, आणि पाहत होत्या माझ्याकडे. मी त्यांच्या डोळ्यांत डोळे घालून बसले, मनात म्हटलं, आता या, पुन्हा एकदा या... काही आलं नाही. तिसऱ्या प्रहरी हात खाली पडला.

त्यांना काय हवं होतं, ते मला आजपर्यंत कळलेलं नाही.