हातातले जोडे

त्या लाल जोड्यांची आठवण अजून डोक्यातून जात नाही. इंग्रजांचा अंमल होता, मी गोंदियाच्या ठाण्यात हवालदार होतो. शिक्षण चार बुकांचं. माणूस मी पायावरून ओळखायचो. स्टेशनबाहेर गार्डाचे बूट टकटक वाजत, व्यापाऱ्यांचे जोडे करकरत, हमालाचा पाय अनवाणी.

एका शेठच्या ओसरीवरून नवे लाल जोडे आणि चांदीचा तांब्या गेला. दुसऱ्या दिवशी सकाळीच खबऱ्या धावत आला. "हवालदारसाब, जंगलाकडचा एक मानूस लाल जोडे हातात धरून फलाटावर बसला हाय."

धरून आणला. दरेकशाकडचा लाकूडतोड्या. शेठनं जोडे पाहिले न पाहिले आणि म्हणाला, "यही हैं!"

मी विचारलं, "पायात काऊन नाही घातले रे?"

"झिजतीन ना साहेब. बायको रुसून माहेरी बसली हाय. सासऱ्याच्या शिवेवर घालीन."

"तांब्या कुठं लपवला?"

"मले नाही ठाऊक. आज सांजेपर्यंत नाही गेलो तर सासरा तिचा दुसऱ्याशी पाट लावतो म्हन्ते. सोडा ना जी."

मी दोन थपडा दिल्या. नवा जोडा हातात, म्हणजे चोरीचाच, असं मला वाटलं. जोडे मुद्देमालात जमा केले, माणूस कोठडीत.

दुपारी जेवताना बायकोला सांगितलं. वाढता वाढता तिचा हात थांबला.

"तुमी मले न्यायले आले तवा तुमचे जोडे कोठी होते? आमच्या शिवेपर्यंत हातातच ना? मी आंब्यामागून पाहून राहिली होती."

ताट सरकवलं. तसाच उठून बाजारातल्या मोच्याकडे गेलो, दरेकशाच्या माणसाला लाल जोडे शिवून दिले का, विचारलं. त्यानं मापाचा कागद काढला. फताडा पाय, अंगठा एकीकडे पळालेला.

"असा पाय शेठचा असतो का, हवालदार?" तो म्हणाला.

ठाण्यात त्या माणसाचा पाय कागदावर ठेवला. रेघ न् रेघ जुळली.

फौजदारांनी सोडलं, पण सांजची गाडी निघून गेली होती. जोडे कोर्टाच्या हुकमाशिवाय मिळत नव्हते. मी माझे काढून दिले, ते त्याच्या पायात शिरेनात. रुळाच्या कडेनं तो अनवाणीच पळत गेला. बायको मिळाली की नाही, कळलं नाही. शेठचे जोडे पुढं त्याच्याच पुतण्याच्या पायात सापडले. लाकूडतोड्याचे मात्र मुद्देमालाच्या खोलीत वाळून कडक झाले. न्यायला तो आलाच नाही.

तेव्हापासून कोणाच्या हातात जोडे दिसले की मी आधी विचारायचो, कोणाला आणायला चालला बाबा? हात उचलायचा तो मागून.

माझी बायको मात्र दर सणाला विचारायची, "त्यानं जोडे नेले का जी?" गेल्या हिवाळ्यात ती गेली. शेवटच्या दिवशीही तेच विचारलं. मी म्हटलं, "नेले." ती निवांत झाली. नोकरीभर लोकांच्या खोट्या जबान्या लिहून घेतल्या. ही एक माझी.