आम्ही टाळ्या वाजवल्या

"ते नॉर्मल असल्याचं तुम्ही शेवटचं कधी पाहिलं?" इमर्जन्सीतल्या डॉक्टरबाईंनी मला तिसऱ्यांदा विचारलं.

"दुपारी अडीचला," मी म्हणालो. भिंतीवरच्या घड्याळात सात वाजत आले होते.

"इस्केमिक स्ट्रोक आहे," त्या म्हणाल्या. म्हणजे गुठळी अडकून मेंदूच्या एका भागाचा रक्तपुरवठा थांबणं. गुठळी विरघळवणारं इंजेक्शन असतं, पण ते पहिल्या काही तासांतच देता येतं. ती वेळ निघून गेली होती. "आणायला इतका उशीर का झाला?"

"ते बेसमेंटमध्ये झोपले होते."

हे खोटं नव्हतं. पण खरं कारण ते नव्हतं.

गिवीकाका आमच्या रिचमंड हिलच्या घरात बेसमेंटला भाड्याने राहायचे. एकटे, सत्तरीचे, जॉर्जिया देशाचे. तिबिलिसीत त्यांनी तीस वर्षं सिनेमांना संगीत दिलं होतं. रविवारी दुपारी ते वर जेवायला यायचे आणि माझी मुलगी ईशा हिच्या कीबोर्डवर आपल्या जुन्या चाली वाजवून दाखवायचे. कधी व्हीसीआरवर झिजलेल्या कॅसेट लावायचे. पडद्यावर पाऊस पडायचा, आणि ते म्हणायचे, "पाऊस नळाचा. पण ऐका, व्हायोलिन खरी."

एकदा सिनेमातल्या लग्नाच्या प्रसंगात दारुड्या पाहुण्याचं काम करणारा नट आलाच नाही. वाद्यवृंद घेऊन हजर असलेल्या संगीतकारालाच दिग्दर्शकाने झब्बा चढवून उभं केलं. पुढे सतरा सिनेमांत ते दारुडे झाले. "चाली मी रक्त आटवून केल्या," ते कुरकुरायचे, "आणि बसमध्ये लोक म्हणायचे, अरे, तो बेवडा बघ!" स्वतः मात्र वाइनचा अर्धा पेलाही संपवत नसत.

आम्हाला तो बेवडा फार आवडायचा. पाहुणे आले की ईशा हट्ट करायची, "अंकल गिवी, डू द ड्रंक गाय!" मग ते तोंड वाकडं करून, जीभ जड करून, टेबलाला धरत धरत यजमानाची स्तुती करायचे.

त्या रविवारी दिवाळीच्या फराळाला दोन कुटुंबं आली होती. गिवीकाका चकलीची बशी घेऊन उठले आणि बशी हातातून सुटली. ओठ एका बाजूला ओघळला. काहीतरी बरळत त्यांनी खुर्ची धरली. सगळे हसले. आम्ही टाळ्या वाजवल्या.

माझी बायको मृणाल तेवढी हसली नाही. "अरे, त्यांचं तोंड बघ. काहीतरी वेगळंच वाटतंय."

"अगं, मुरलेला कलाकार आहे तो," मी म्हणालो. "वन्स मोअर, काका!"

ते माझ्याकडे बघत राहिले. ती नजर मला अजून दिसते. मग मीच त्यांना धरून खाली नेलं, झोपवलं, आणि वर येऊन पाहुण्यांना चहा दिला. सहाला मृणाल खाली गेली आणि तिथूनच ओरडली.

पुढचे दिवस वेटिंग रूममध्ये गेले. सीटी स्कॅन, एमआरआय, गिळता येतं का याची तपासणी. उजवा हात लुळा पडला. अफेझिया झाला, म्हणजे मनात असलेला शब्द ओठांवर येईना. सगळं समजायचं, पण पाणी हवं असलं तरी "नो, नो" एवढंच निघायचं.

तिसऱ्या आठवड्यात स्पीच थेरपिस्टने सांगितलं, "बोलणं गेलं तरी गाणं पुष्कळदा शिल्लक राहतं." मेलॉडिक इंटोनेशन थेरपी, म्हणजे शब्द चालीवर बसवून पुन्हा बोलायला शिकवणं. डाव्या हाताने ठेका धरून काका "वॉ-टर" गायले. गाताना ते रडले. मला तिथे बसवेना.

पाचव्या आठवड्यात एकदा आम्ही दोघंच होतो. मी त्यांना सगळं सांगितलं. मृणालने सावध केलं होतं हे, वन्स मोअर म्हणालो ते, चहा दिला ते. त्यांनी ऐकून घेतलं आणि तोंड भिंतीकडे फिरवलं. पुढचे चार दिवस मी गेलो की ते डोळे मिटून घ्यायचे.

मग थेरपिस्टने मला बोलावून घेतलं. रोज लागेल असं एक वाक्य निवडायला तिने त्यांना सांगितलं होतं. जेवण, औषध, वॉशरूम, कुठलंही चित्र त्यांनी घेतलं नाही. चार दिवस ते एकच चाल गुणगुणत होते, आणि शब्द कुठले ते तिला नुकतेच उमगले होते.

हे मी लिहितोय ते घरात वडीलधारी माणसं असणाऱ्यांसाठी. तोंड वाकडं झालं, हात खाली पडला, जीभ जड झाली, तर कारणं शोधत बसू नका. माणूस कितीही विनोदी असो. आधी ९११ ला फोन करून ॲम्ब्युलन्स बोलवा. थट्टाच निघाली तर नंतर हसता येईल.

मी आत गेलो तेव्हा काका खुर्चीत बसले होते. त्यांनी मला समोर बसायला खुणावलं. डाव्या हाताने मांडीवर ठेका धरला आणि चार सुरांत, एकेक शब्द ओढून आणत ते गायले, "नॉट... ॲक्-टिंग."

मी मान खाली घातली. त्यांनी माझ्या गुडघ्यावर टिचकी मारली आणि थांबले. मीही ते तसंच गाऊन म्हणावं अशी त्यांची इच्छा होती. मी म्हटलं. त्यांनी मान हलवली, माझा शेवटचा सूर उतरला होता. पुन्हा. पुन्हा उतरला. सहाव्यांदा कुठे त्यांचं समाधान झालं, आणि मग त्यांनी माझ्याबरोबर येऊन दाराबाहेर उभ्या असलेल्या मृणालला आणि ईशाला आत बोलावलं.