‘मग?’ म्हणायची जागा

सिंगापुरात, बुकित बातोकला आमच्या शेजारी एक मैतेई कुटुंब राहतं. त्यांची आजी इम्फाळहून व्हिडिओ कॉलवर गोष्टी सांगते. त्यांच्याकडे गोष्ट चुलीपाशी सांगायची रीत, म्हणून फोन धरूनही ती चुलीपाशीच बसते. सांगता सांगता थांबते, पोरांनी ‘मग?’ विचारल्याशिवाय पुढे सरकत नाही. नात त्याचं रील करते आणि नेमकं ते थांबणंच कापून टाकते. मी विचारलं, तर इथल्या सिंगापुरी ढंगात म्हणाली, “टू स्लो लाह, आंटी!”

माझं डोकंच फिरलं. “अगं, गोष्ट तिथेच तर असते!” म्हणत तणतणत घरी आले.

पुण्याहून आईचा व्हॉइस मेसेज आला होता. नेहमीसारखा दुप्पट वेगाने लावला. आई थांबून थांबून विचारत होती, “ऐकतेयस ना?”