हाला की वो!

नायगावात कुणाचंही लग्न असो, मांडवात सगळ्यात मोठा आवाज शूटिंगमामांचा. "हाला की वो! फोटू न्हाई, शूटिंग हाय ही!" कारण कॅमेरा समोर आला की आमची माणसं खांबासारखी उभी राहायची. घास हातात, तोंड उघडं, पण हलायचं नाव नाही. मामा अगदी मेटाकुटीला यायचे.

मामांचा जीव लग्नात नव्हताच. फार जुने, मुके, मिनिटभराचे चित्रपट त्यांनी कुठेतरी पाहिले होते. बाई पोराला भरवतेय, माणूस घोड्याला पाणी पाजतोय, खलास. तेव्हापासून मामा तसंच टिपत हिंडायचे. माझे बाबा विहारात निघताना चपलेतला खडा झटकायचे, तेवढंच त्यांनी घेतलं होतं. आवाज बंद करून. "आवाज आला की मानूस ऐकत बसतंय, बघत न्हाई," म्हणायचे. आम्ही हसायचो. पुढे बाबा गेले. माझ्या लग्नाच्या व्हिडिओत ते पुतळ्यासारखे उभे होते. जिवंत सापडले ते त्या खड्यापाशी. मी ढसाढसा रडले.

मामांना सापडली नाही ती फक्त मामी. कॅमेरा दिसला की आत पळायची. नांदेडच्या डॉक्टरांनी "आता घरीच सांभाळा" म्हणून तिला परत पाठवलं, तेव्हा मात्र मामांनी हट्टच धरला. भाकरी थापताना एकदा तरी घेतो म्हणाले.

"थांबा वो, लुगडं बदलते," म्हणत ती ठेवणीतलं नेसून दारात उभी राहिली. ताठ. हात मांड्यांना चिकटलेले.

"हाल की गं!" मामा कळवळले.

"हाल्लं की फोटू बिघडतंय," ती ओठ न हलवता पुटपुटली.

मिनिट झालं तसं सवयीने मामांचं बोट बटणावर गेलं, कॅमेरा बंद झाला. "झालं का?" म्हणून मामी खुदकन हसली, पदराने कोंबडीला हुसकावलं आणि आत गेली. मी तिथेच होते. "उद्या घेऊ," मामा म्हणाले. दुसऱ्या दिवशी मामी अंथरुणातून उठली नाही, मग कधीच उठली नाही.

मामांनी लग्नाच्या ऑर्डरी घेणं सोडलं. ते जाण्याआधी मी लातूरहून भेटायला गेले होते. त्यांची सून म्हणाली, दिवसभर एकच चालतं. मामांनी मोबाईल माझ्यापुढे धरला. मामी दारात ताठ उभी होती. संपत आलं तसे मामा पुढे सरकले आणि माझा हात घट्ट धरून म्हणाले, "बघ, आता हालती."

पडदा काळा झाला. मामांनी परत पहिल्यापासून लावलं.