छातीची फेरमोजणी

हायकोर्टात भांडून स्वतःची छाती परत मोजून घेणारा माणूस अख्ख्या काशीत एकच झाला, आणि तो माझा मावसभाऊ. हट्टी माणसं पुष्कळ असतात, पण याचा हट्ट फार सोज्ज्वळ होता. गंगेपलीकडच्या रामनगरच्या बाजारातून आणलेली वांगी किडकी निघाली, तर दुसऱ्या दिवशी पठ्ठ्या नावेत बसून ती परत करायला गेला. भाजीवाल्याने हात जोडून चूक कबूल केली, तेव्हा हा प्रसन्न झाला आणि तीच वांगी घेऊन घरी आला. मावशीने कपाळाला हात लावला. "अगं, त्याने गलती मानली ना," हा म्हणाला, "मग आता कशाला बिचाऱ्याचं नुकसान?"

मंगला गौरीच्या देवळाजवळच्या त्यांच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या याज्ञिकी चालत आलेली. मुलाने तीच पुढे चालवावी अशी काकांची, म्हणजे मावशीच्या यजमानांची, इच्छा. याला मात्र लहानपणापासून पोलिसात जायचं होतं. नव्वदीच्या दशकात एकदाची मोठी भरती निघाली. धावण्यात हा सगळ्यांच्या पुढे, उंची भरपूर, आणि वैद्यकीय तपासणीत अपात्र! तिथे छाती आधी साधी मोजतात, मग फुगवून, आणि मधला फरक पुरेसा लागतो. आता आमच्यात मुंज झालेल्या मुलाला कुणी श्वास घे म्हटलं, की त्याला संध्येतला प्राणायामच आठवतो. डॉक्टर फीता उलगडत "आराम से सांस लो" म्हणाले मात्र, याने डोळे मिटले, छाती भरून घेतली आणि श्वास रोखून धरला. ती फुगलेली छातीच डॉक्टरांनी साधी म्हणून मोजली. मग "अब फुलाओ" म्हटल्यावर फुगवायला जागा उरली होती कुठे? "सर, मैं प्राणायाम में था," असं हा सांगू लागला, तोवर फीता पुढच्या उमेदवाराभोवती गेला होता.

पुढच्या भरतीपर्यंत वय उलटणार होतं. काका म्हणाले, "ईश्वरी संकेत समज. उद्यापासून माझ्यासोबत यजमानांकडे चल." "संकेत नाही बाबा, नापच चुकलंय," एवढं बोलून हा अलाहाबादला वकिलाकडे गेला. काकांनी त्याच्याशी बोलणं टाकलं. मग तारखांवर तारखा. पहाटेच्या पॅसेंजरने जायचं आणि "आज पण सुनवाई नाही झाली" म्हणत परत यायचं. वकील कंटाळले, हा कंटाळला नाही. घरात तर त्याने उच्छाद मांडला. मावशीचा शिवणाचा फीता गळ्यात अडकवून फिरायचा आणि दिसेल त्याला छाती मोजायला लावायचा. श्वास घेणं त्याला येतच होतं, सोडणं नव्याने शिकावं लागत होतं. एकदा दूधवाला फीता धरून उभा, चुलीवरचं दूध उतू जातंय आणि मावशी ओरडतेय, "अरे, त्याला तरी सोड!" मला हसू येई, पण त्याच्या चिकाटीचा हेवाही वाटे.

अखेर दुसऱ्या डॉक्टरांकडून फेरतपासणी करण्याचा हुकूम निघाला. याने श्वास असा काही सोडला, की पोराला चक्कर आली या समजुतीने डॉक्टरांनी खुर्ची पुढे केली. मग छाती फुगवली. पात्र! मावशीने पेढे वाटले. काका पूजा करत राहिले.

तो ट्रेनिंगला निघाला, त्या दिवशी मात्र काका स्टेशनवर आले. मुलाशी एक शब्द नाही, पण डब्यातल्या अनोळखी लोकांना सांगत सुटले, "हमारा लड़का है. हाईकोर्ट से जीतकर आया है." मुलगा वाकून पाया पडला, तेव्हा त्यांनी त्याच्या पाठीवर हात ठेवला आणि गाडी हलेपर्यंत काढला नाही.

गाडी गेल्यावर काका बाकावर बसले. मला म्हणाले, "बोलत नव्हतो रे, पण पहाटे गंगेवर दोघं बरोबरच जायचो. आता उद्या कुणाला उठवू?" आम्हा दोघांनाही त्याची फार आठवण येत होती, आणि तो तर अजून जवळच्या मुगलसरायलासुद्धा पोचला नव्हता.