म्हशीचं गिऱ्हाईक

इस्लामपूरच्या अलीकडे एका गावात मी चार वर्षं मास्तरीण होते. सांगलीत विश्रामबागेत वाढलेले, तेवीस वर्षांची होते आणि स्वतःला फार शहाणी समजत होते. शहाणपणाचं आधीच सांगून टाकते, कारण पुढचं सगळं त्यामुळेच घडलं. दुसऱ्या कुणावर ढकलायला मला जागा नाही.

एका विधवा बाईंच्या घरी माडीवरची खोली मी भाड्यानं घेतली होती. त्यांचा एकुलता एक मुलगा फौजेत वायरलेसवर होता. वर्षातून दोनदा सुट्टीवर यायचा. आईला लिहिता-वाचता येत नव्हतं, त्यामुळे त्याची पत्रं मीच वाचून दाखवायची आणि उत्तरंही मीच लिहायची. मला तो आवडायचा. आता या वयात हे लिहायला लाज कसली? लाज पुढे आहे. एकदा त्यानं उत्तरेकडून येताना माझ्यासाठी लोकर आणली आणि आईच्या हाती माडीवर पाठवली होती, "बाईंना स्वेटर इनाया हुईल" म्हणून. त्या लोकरीवर मी मनातल्या मनात केवढा संसार थाटला होता!

एकाहत्तरची लढाई होऊन गेली होती. सव्वीस जानेवारीला तो सुट्टीवर होता, म्हणून मी त्याला शाळेत भाषणाला बोलावलं. पोरं माना उंचावून बसलेली. एकानं विचारलं, "लढाईत तुमी कुटं हुता?" तो म्हणाला, "लांब." पोरगं सोडेना. "लांब म्हंजे कुटं?" "लय लांब," असं म्हणून तो हसला आणि पोरांना कवायत शिकवायला लागला. मला राग आला. एवढा बडेजाव करून बोलावलं आणि हा मनुष्य दोन वाक्यं धड बोलत नाही!

त्याच वर्षी दिवाळी झाल्यावर एका रविवारी सकाळी दारात एक गृहस्थ उभा राहिला. पांढरा सदरा, पायात पॉलिश केलेले बूट. साताऱ्याहून आलोय म्हणाला, म्हैस विकाऊ आहे असं ऐकलं. आई (घरमालकीणबाईंना मीही आईच म्हणायची) शेतात गेल्या होत्या. घरात म्हैस होती, पण ती विकायचं कुणाच्या स्वप्नातही नव्हतं.

मी लगेच ओळखलं. त्या भागात स्थळाची चौकशी अशीच व्हायची. मुलीकडची माणसं कधी सरळ सांगायची नाहीत. कुणी म्हैस बघायला यायचा, कुणी उसाचं बेणं विचारायला यायचा, कुणी नुसता पाणी प्यायला थांबायचा. पाणी पिता पिता मुलगा कसा, घर कसं, भाऊबंदकी आहे का, हे सगळं काढून घ्यायचा. लग्नसराईच्या तोंडावर अशी म्हशीची गिऱ्हाइकं गावात हिंडताना दिसायचीच. गावकऱ्यांना ते कळायचं आणि कळलं नाही असं दाखवायची रीत होती. दोन वर्षांत ही रीत माझ्या अंगवळणी पडली होती. शहरातली असून आपल्याला हे समजतं, याची मला कोण घमेंड!

मी त्याला ओसरीवर बसवलं. म्हशीबद्दल त्यानं एक प्रश्न विचारला आणि गाडी मुलावर आणली. स्वभाव कसा आहे? उठबस कुणाशी? पितो का? कुणाला पत्रं लिहितो? नात्यातलं कुणी परदेशात आहे का? हा शेवटचा प्रश्न मला जरा चमत्कारिक वाटला. पण मुलीचा बाप हौशी असेल, जावयाला बाहेर पाठवायचं मनात असेल, असं मीच माझं समाधान करून घेतलं.

साताऱ्याची कोण ती मुलगी, कशी दिसत असेल, हेच डोक्यात घुमत होतं. स्थळ मोडायचं तर फार मोठं काही सांगायचं नसतं. चोर आहे म्हटलं तर विश्वास बसत नाही. थोडंसं, खरं वाटेल एवढंच सांगायचं. मी म्हणाले, "मुलगा तसा चांगला आहे हो. पण सुट्टीवर आला की थोडी घेतो." एवढ्यावर थांबले असते तरी चाललं असतं. पण मला मीठमसाला लावल्याशिवाय राहवेना. "आणि घेतली की जीभ सैल सुटते. पलटण कुठं आहे, काय करते, सगळं पारावर बसून सांगत असतो. पोटात काही ठरत नाही त्याच्या."

तो गृहस्थ मान डोलावत ऐकत होता. पाणी प्यायला, आणि मुलाचे चुलते कुठं राहतात म्हणून विचारलं. मी हातानं गुऱ्हाळ दाखवलं. चुलत्याची आणि या घराची विहिरीच्या पाळीवरून भाऊबंदकी होती. पाणी कुणी कधी घ्यायचं यावरून दोन वर्षं अबोला होता. मला वाटलं, बरं झालं, उरलंसुरलं तिथं मोडेल. त्या दिवशी संध्याकाळी मी गाणं गुणगुणत वह्या तपासल्या. हे आठवलं की आजही माझ्या अंगाची आग होते.

उन्हाळ्यात तो सुट्टीवर आला तो उतरलेल्या चेहऱ्यानं. जेवत नव्हता, पारावर जात नव्हता. तिसऱ्या दिवशी आई बाजारला गेल्यावर मीच विचारलं, काय झालं म्हणून. तो म्हणाला, "तुमालाच सांगतोय, बाई. आईला बी न्हाई सांगितलं. दिल्लीत एक खातं हाय. भायेरच्या देशातली खबर आनायचं काम. वायरलेसवाली मानसं घेत्यात. मला निवडलं हुतं. दोनदा बोलावलं. हापिसाला पाटी न्हाई, काय न्हाई. आता भायेर पाटवणार म्हनेपर्यंत आलं हुतं."

"मग?"

"गावात चौकशीला मानूस आला हुता. त्येनं लिवून दिलं, पोरगा पितो आन बडबड्या हाय. आमच्या साहेबाला लय वाईट वाटलं, म्हनून त्येनं मला सांगितलं. न्हाई तर ह्ये बी कवा कळलं नसतं."

मी खांबाला टेकून उभी होते. तो खाली बघत म्हणाला, "चुलत्याबिगर कोन बोलणार? त्यो मानूस गुऱ्हाळावर च्या पिऊन गेला. समद्या गावानं बघितलंय. हिरीचं पानी न्हाई दिलं तवा गप ऱ्हायलो. पर ह्येच्यानं माजं जलमाचं नुकसान केलं."

तेव्हाच बोलायला हवं होतं. माझ्या दोन वाक्यांनी काम झालं असतं. पण मग का बोललीस, हे त्यानं विचारलं असतं, आणि त्याचं उत्तर मला द्यावं लागलं असतं. मी नुसतं म्हणाले, "वाईट झालं." तेही साळसूदपणे.

त्या खात्याबद्दल वर्तमानपत्रांतून थोडंफार छापून यायला लागलं ते बऱ्याच वर्षांनी. मी ते अधाशासारखं वाचायची. चीनची लढाई झाली, मग पासष्टला पाकिस्तानची झाली, आणि दोन्ही वेळा सीमेपलीकडची खबर आपल्याला पुरली नाही असं दिल्लीत वाटलं. तोवर देशातली आणि देशाबाहेरची खबर एकच खातं बघायचं. साठचं दशक संपता संपता बाहेरचं काम वेगळं काढलं आणि त्याला स्वतंत्र खातं दिलं. एकाहत्तरच्या लढाईत त्या खात्यानं आपली किंमत दाखवून दिली, असं म्हणतात. तिथल्या माणसाचं नाव कुठं येत नाही. बायकोलाही तो नक्की काय करतो ते ठाऊक नसतं. पोलिसातून, फौजेतून एकेक माणूस निरखून, त्याच्या गावात जाऊन, त्याचे शेजारीपाजारी विचारून मग घेतात. असं वाचताना शाळेतल्या त्या पोरांसमोर "लय लांब" म्हणून हसणारा तो मला दिसायचा. या कामाला जन्मलेला माणूस होता तो. आणि हजार खोट्या गोष्टींतून मी नेमकी तीच निवडली होती, जी त्या खात्यात चालत नाही.

पण त्याच्या नोकरीपाशी हे थांबलं असतं तर मी आज लिहायला बसले नसते.

पुढच्या वैशाखात चुलत्यांच्या मुलीचं लग्न ठरलं. त्यांना मुलगा नव्हता. लग्नात नवरदेवाचा कान पिळायचा मान नवरीच्या भावाचा, आणि सख्खा भाऊ नसेल तर चुलतभावाचा. म्हणजे त्याचाच. चुलत्यांनाही लिहिता-वाचता येत नव्हतं. ते दुपारी शाळेच्या पडवीत येऊन बसले. पटका काढून गुडघ्यावर ठेवला.

"बाई, एक पत्र लिवा माजं. पोरगं माज्यावर रागावलंय. म्यां त्येच्या वाइटावर बोललो, आसं सुट्टीवर आलं तवा तोंडावर म्हनलं."

मी दौत-टाक काढला. ते सांगत गेले, मी लिहीत गेले.

"लिवा. हिरीवरनं आपलं वाजलं, त्ये खरं हाय. पर पोराचं स्थळ मोडनारा मानूस म्यां न्हवं. त्यो म्हशीवाला आला तवाच मला कळलं, हा कशाला आलाय त्ये. म्यां त्येला सांगितलं, आमचं घर भांडकुदळ हाय, पर पोरगं लाखात एक. सुपारीच्या खांडाचं येसन न्हाई. तोंडातनं शबुद काढाया जावं तर दिस जातो."

माझा हात थांबला. म्हणजे त्यांनाही स्थळच वाटलं होतं. ज्या घराशी उभा दावा, त्या घरच्या मुलाबद्दल विचारल्यावर या माणसानं त्याचं नाव राखलं होतं. आणि दिल्लीच्या माणसानं शेतकऱ्याचा शब्द बाजूला ठेवून शिकलेल्या मास्तरणीचा धरला होता.

"त्यो आधी तुमच्याकडंच आला हुता न्हवं?" चुलते म्हणाले. "तुमी बी चांगलंच सांगितलं आसंल."

मी होकारार्थी मान हलवली.

"मग त्ये बी लिवा. बाईंनी आन म्यां, दोघांनीबी चांगलंच सांगितलं. तुमच्या हातचं हाय म्हंजे त्येला पटंल. आन लिवा, भनीच्या कानपिळीला ये. तुज्याबिगर कोन हाय तिला?"

मी ते लिहिलं. माझं अक्षर चांगलं आहे. त्या पत्रात तर फारच सुरेख आलं होतं.

उत्तर माझ्या नावानं आलं. "आदरणीय बाई, तुमच्यासारख्या भल्या बाईला मध्ये घालून तो माझी समजूत काढतोय. तुम्ही त्याच्या गोड बोलण्याला फसू नका. माझ्या दृष्टीनं तो मेला. लग्नाला मी येणार नाही." खाली सही, आणि माझ्या तब्येतीची चौकशी.

लग्नाला पंधरा दिवस होते. खरं काय ते कळवायला चार ओळींचं कार्ड पुरलं असतं. मी तीनदा लिहायला घेतलं. "ते मी बोलले" इथपर्यंत यायची आणि फाडायची. नोकरी जाईल, गाव थुंकेल, असं स्वतःला सांगायची. खरं तर त्याच्या पत्रातलं ते "आदरणीय" मला सोडवत नव्हतं.

चौथ्या दिवशी चुलते आलेच. "काय लिवलंय?" त्यांच्या डोळ्यांकडं बघून "तो मेला" हे शब्द माझ्या तोंडून निघेनात. त्याला मी दया म्हणायची, पण तो भ्याडपणा होता. मी पत्र उघडून धरलं आणि वाचून दाखवलं, "काका, माझा गैरसमज झाला होता. बहिणीच्या कानपिळीला मी येतो." चुलत्यांनी ते पत्र माझ्या हातातून घेतलं, कपाळाला लावलं आणि बंडीच्या खिशात ठेवलं. आईंनाही मी तेच सांगितलं.

लग्नाच्या दिवशी मांडवात गर्दी होती. अक्षता पडल्या. कानपिळीची वेळ आली तसे चुलते मांडवाबाहेर रस्त्यावर जाऊन उभे राहिले. इस्लामपूरची एस्टी आली, चार-पाच माणसं उतरली, तो नव्हता. भटजी घाई करायला लागले. "थांबा वाईच, फुडच्या गाडीनं येतोय त्यो," म्हणून चुलत्यांनी सगळ्यांना थोपवलं. पुढची गाडीही आली. वरपक्षाची माणसं कुजबुजायला लागली. नवरी मान वर करून पुन्हापुन्हा मांडवाच्या तोंडाकडं बघत होती. शेवटी तिच्या मामेभावाला उभं केलं आणि त्यानं नवरदेवाचा कान पिळला. लोक हसले. मी बायकांत बसून होते. तिथंच उठून सांगावं असं वाटलं, आणि मी उठले नाही.

पंगती उठल्यावर चुलते मला शोधत आले. कानपिळीबद्दल वरपक्षानं दिलेलं कापड त्यांच्या हातात होतं, सदऱ्याचं आणि पायजम्याचं. मामेभावाला त्यांनी पदरचं दुसरं दिलं होतं.

"साहेबानं रजा न्हाई दिली आसंल, बाई. न्हाई तर आलाच आसता. तुमी वाचलंत की. येतो म्हनला हुता न्हवं?"

"व्हय," मी म्हणाले.

"मग ह्ये त्येचं त्येला पाटवा. वर चार वळी लिवा. चुलता रागावला न्हाई म्हनावं."

दुसऱ्या दिवशी मी ते कापड फडक्यात शिवलं, त्यावर त्याचा पत्ता घातला, आणि आत चिठ्ठी ठेवली. चुलत्यांनी सांगितलं होतं तेवढंच तिच्यात लिहिलं.