वेगळा कागद

दौंडच्या बेटावर आमच्या बौद्ध आळीला तिथल्या मेंबरनं फसवलं. नळ न देऊन नव्हे, नळ देऊन फसवलं. आणि ज्या कागदावर हे घडलं तो कागद दारोदार फिरवणारा मी होतो. हे आधीच सांगतो, म्हणजे स्वतःचं झाकलं असं कुणी म्हणायला नको.

बेट म्हणजे नदीतलं नव्हे. एका अंगाला मनमाडकडं जाणारे रूळ, दुसऱ्या अंगाला सोलापूरकडं जाणारे, आणि मधल्या पाचरीत आमची पन्नास-साठ घरं. गावात जायचं तर उभ्या मालगाडीच्या डब्याखालून वाकून जावं लागे. गावातली माणसं आम्हाला 'बेटावरची' म्हणत, आणि पुढं आम्हीही तेच म्हणायला लागलो. रेल्वेच्या कामासाठी कुठून कुठून आलेली माणसं तिथं होती. आमचं घर बौद्ध आळीच्या वरच्या टोकाला; त्याला लागून रेल्वेतल्या एका खलाशाची तमिळ विधवा राहायची, तिला सगळं बेट अक्का म्हणे. तिच्या पलीकडं मुसलमान टांगेवाले चाचा. त्यांच्यासमोर धनगर आप्पा, मेंढरं विकून गँगमन झालेले. संध्याकाळी चुली पेटल्या की चिंचेचा, सुकटीचा आणि भाकरीचा वास एकमेकांत मिसळून जायचा. आजही कुठं तसा वास आला तर मी चालता चालता थांबतो.

आम्ही न्हावऱ्याच्या बाजूचे. दुष्काळात खडी फोडायच्या कामावर गेलो आणि तिथून दौंडला आलो. गावी विहिरीपाशी माझी आई कळशी घेऊन लांब उभी राहायची. कुणाला दया आली तर तो वरून पाणी ओतायचा, नाही आली तर ऊन डोक्यावर येईपर्यंत ती तशीच. दौंडला मी बारदानाचा धंदा सुरू केला. शिरूरच्या बाजारातून फाटकी पोती घ्यायची, एसटीच्या टपावर टाकून आणायची, आई ती शिवायची, मी विकायचो. भांडवल म्हणजे माझी जीभ. मी येताना दिसलो की शिरूरचे काही व्यापारी आतल्या खोलीत जाऊन बसत.

बेटावर पाणी मिळायचं ते इंजिनाचं. इंजिनात पाणी भरायचा उंच नळ होता, इंजिन भरून झालं की तिथला खलाशी थोडा वेळ नळ तसाच सोडायचा. त्यासाठी पहाटेपासून भांड्यांची रांग लागे. माणसं कामाला जात, भांडी उभी राहत. अक्काची पितळी घागर, चाचांचा तुपाचा पत्र्याचा डबा, आप्पांच्या घरचा तांब्याचा हंडा, आमची जर्मनची कळशी. आणि बेटाचा एक रिवाज होता. पुढच्या भांड्याचा धनी हजर नसेल, तर मागच्यानं ते भरून बाजूला ठेवायचं. नळ कुणासाठी थांबत नसे, म्हणून हा रिवाज पडला असेल.

आम्ही नवीन होतो तेव्हाची गोष्ट. आईच्या पुढं आप्पांचा हंडा होता आणि त्यांच्या घरचं कुणी नव्हतं. आई हात मागं घेऊन उभी राहिली. पाणी नुसतं वाहत होतं.

मागून अक्का ओरडली, "ए बाई! भर ना! पाणी बघायला आली काय?"

"दुसऱ्याचा हंडा हाय अक्का. मी कसा हात लावू?"

"हंडा चावतो काय? भर लवकर, माझा नंबर जाईल!"

आईनं हंडा भरला. तेवढ्यात आप्पांची बायको धावत आली. मी आईच्या पुढं जाऊन उभा राहिलो. तिनं हंडा पाहिला, डोक्यावर चढवला आणि म्हणाली, "बरं झालं बया, न्हाईतर आज भाकरीला पानी नव्हतं." बस्स, एवढंच. घरी येऊन आई बराच वेळ आपल्या हातांकडं पाहत बसली होती.

तीन-चार वर्षं अशी गेली. मला विचाराल तर माझ्या आयुष्यातली तीच वर्षं सोन्याची. भांडणंही मोप व्हायची, चाचांचा डबा तर रोज कुणीतरी ढकलायचं, पण ती एका रांगेतली भांडणं होती.

मग रेल्वेनं तो नळ यार्डात पलीकडं हलवायचं ठरवलं. बेटाला सरकारी नळ हवा म्हणून अर्ज करायचा झाला. रुळांच्या वरच्या अंगाला, वरच्या आळीतल्या पक्क्या घरात आमचे मेंबर राहत. अर्ज ते लिहिणार, सह्या-अंगठे मी गोळा करणार, कारण मला कुणी नाही म्हणत नसे. मी कागद घेऊन गेलो तेव्हा ते ओट्यावर सुपारी कातरत होते.

"तुमच्या आळीच्या सह्या वेगळ्या कागदावर घे," ते म्हणाले.

"का वो?"

"अरे, तुमच्यासाठी सरकारात वेगळी योजना हाय. एका अर्जात एकच नळ. दोन अर्ज केले तर दोन नळ. तू धंद्याचा माणूस, तुला मी काय शिकवू?"

धंद्याचा माणूस म्हटल्यावर मी फुगलो. वर घासाघीस केली. म्हणालो, "आमच्या नळाला सिमेंटचा ओटा पायजे." त्यांनी जरा आढेवेढे घेतले आणि कबूल केलं. मी छाती काढून घरी आलो. एक मागायला गेलो होतो, ओट्यासकट दोन घेऊन आलो!

आई पोती शिवत होती. म्हणाली, "आपला कागद येगळा कशापायी?"

"तुला व्यवहारातलं काय कळतंय?" मी खेकसलो. तिनं अंगठा दिला, पण माझ्याकडं पाहिलं नाही.

नळ आले. एक वर, बेटाच्या तोंडाशी. दुसरा खाली, नाल्याजवळ, आमच्या आळीच्या टोकाला. ओटाही झाला. पहिल्या सकाळी आई सवयीनं वरच्या रांगेत कळशी ठेवायला गेली. तिथं आप्पांची बायको होती. ती म्हणाली, "वैनी, तुमचा तिकडं झालाय की!"

तिच्या आवाजात राग नव्हता. हसूनच म्हणाली, वाट चुकलेल्याला रस्ता दाखवावा तशी. आई कळशी उचलून नाल्याकडं गेली. अक्का आठ-पंधरा दिवस हट्टानं आमच्या नळावर येत राहिली. मग तिचे गुडघे दुखायला लागले आणि वरचा नळ तिला जवळ पडायचा. त्यानंतर आईच्या हातानं दुसऱ्या घरचा हंडा कधी भरला गेला नाही.

मी चाचांकडं चिडचिड केली. त्यांनी टांग्याचा लगाम गुंडाळत म्हटलं, "सौदा तो तुमनेच किया ना, सेठ?" मला त्यांच्या अंगावर धावून जावंसं वाटलं. पण खोटं काय बोलले ते?

अर्ज दिले होते त्या कचेरीत जाऊन विचारलं. कारकून म्हणाला, एका अर्जावरही दोन नळ मिळाले असते, वेगळ्या सह्यांची गरज कुणालाच नव्हती. तसाच मेंबरच्या ओट्यावर गेलो आणि आरडाओरडा केला. ते शांतपणे म्हणाले, "नळ मिळाला ना? पाणी येतंय ना? मग?" चार माणसांनी मला धरून खाली उतरवलं.

मेंबर, त्या 'मग?'चं उत्तर मी तेव्हा देऊ शकलो नाही. आता देतो. पाणी आम्हाला आधीही मिळत होतं. आईनं भरलेला हंडा दुसऱ्याच्या डोक्यावर चढत होता, ते तुम्ही काढून घेतलंत. माझी चूक मी इथं लिहून दिली. आई गेली, तिची माफी मागायचं राहून गेलं, ते माझं मी भोगतोय. तुम्ही अजून आहात, सभांना खुर्चीवर बसता, बेटाला पाणी आणलं म्हणून हार घेता. वेगळा कागद कुणाच्या सांगण्यावरून केलात? वरच्या आळीतल्या कुणी मागितला होता, की तुमच्याच डोक्यातून निघाला? एखाद्या सभेत हार गळ्यात पडायच्या आधी उभे राहा आणि सगळ्यांसमोर नाव घेऊन सांगा. मी पुढच्या रांगेत बसलेला असेन.